चेऊलकरांचा डेव्हिड

१५ जानेवारी १९३७ या दिवशी मुंबईतल्या एका बेकार पदवीधराला सिनेमात काम मिळालं. वय सत्तावीस. मुंबई विद्यापीठाची बी.ए.ची पदवी मिळून सहा-सात वर्षं झाली होती आणि त्यातली बहुतेक अर्ज लिहिण्यात, कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवण्यात गेली होती. जागतिक मंदीचे ते दिवस. गिरण्या, पेढ्या, सरकारी खाती, सगळीकडे हात आखडलेला. इंग्रजी उत्तम येतं, बोलणं गोड आहे, घरची माणसं शिकलेली आहेत, एवढ्या भांडवलावर नोकरी मिळण्याचे ते दिवस नव्हते. शेवटी नयमपल्ली नावाच्या मित्राने हात दिला. नयमपल्ली स्वतः त्या काळचे नावाजलेले चरित्र अभिनेते. त्यांच्या ओळखीने हा तरुण मोहन भवनानी यांच्याकडे गेला आणि ‘झॅम्बो’ नावाच्या जंगलपटात त्याची वर्णी लागली.

भवनानी हे काही सामान्य निर्माते नव्हते. तीनच वर्षांपूर्वी त्यांनी मुन्शी प्रेमचंदांकडून ‘मिल’ ऊर्फ ‘मजदूर’ची कथा लिहून घेतली होती आणि गिरणी कामगारांचा तो चित्रपट मुंबईत सेन्सॉरच्या कात्रीत सापडला होता. त्यानंतर त्यांनी जंगल, वानर आणि साहस यांचा आधार घेतला, यात धंद्याचं गणित असणार. आपल्या पदवीधराला मात्र निवडीची सोय नव्हती. तो उभा राहिला आणि मग चार दशकं कॅमेऱ्यासमोरून हटला नाही. शंभराहून अधिक चित्रपट त्याच्या नावावर जमा झाले. श्रेयनामावलीत नाव यायचं ते नुसतं ‘डेव्हिड’. पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर.

या आडनावापाशी थांबायला हवं. चौल हे अलिबागजवळचं जुनं बंदर. त्याला चेऊल असंही म्हणत. रोह्याचे रोहेकर, पेणचे पेणकर, दिव्याचे दिवेकर, तसे चौलचे चेऊलकर. हे लोक बेने इस्रायल, म्हणजे कोकणातले मराठी यहुदी. त्यांची परंपरा सांगते, की फार पूर्वी एक गलबत नवगावच्या किनाऱ्याला फुटलं आणि त्यातून सात पुरुष आणि सात बायका वाचल्या. वाचलेल्यांनी कोकणात घाणे घातले, तेल गाळलं. शनिवारी घाणा बंद ठेवायचा एवढा एक नेम पिढ्यान् पिढ्या सुटला नाही, म्हणून गावकरी त्यांना शनवार तेली म्हणू लागले. धर्मग्रंथ हरवले, हिब्रू विसरली, पण शनिवार राहिला. घरात भाषा मराठी, अंगावर नऊवारी, आणि प्रेषित एलियाहू हन्नाबीच्या नावाने करायच्या मलिद्यात पोहे, गूळ नि ओलं खोबरं. एकोणिसाव्या शतकात याच समाजाने आपल्या धर्मकथांवर मराठी कीर्तनं रचली.

इंग्रजी अमदानीत हे लोक पलटणीत गेले, रेल्वेत, टपाल खात्यात आणि कचेऱ्यांत गेले. मुंबईत सॅम्युएल इझिकेल दिवेकरांनी १७९६ मध्ये बांधलेलं सिनेगॉग आजही उभं आहे. ते ज्या स्टेशनाजवळ आहे त्या मस्जिद स्टेशनाचं नाव त्या प्रार्थनामंदिरावरूनच पडलं असं सांगतात. ठाण्याचं सिनेगॉग १८७९ चं. डेव्हिड याच ठाण्यातले. जन्म १९०९ चा. ते सिनेमात शिरले त्याच सुमारास, १९३७-३८ साली, त्यांच्याच समाजातले डॉ. एलिजा मोझेस राजपूरकर मुंबईचे महापौर होते. वरळी-महालक्ष्मीकडचा डॉ. ई. मोझेस रोड त्यांच्या नावाचा. अशा घरातल्या मुलाने वकील व्हावं, डॉक्टर व्हावं, नाहीतर सरकारात चिकटावं, ही रीत. डेव्हिडनी कायद्याचं शिक्षणही घेतलं होतं. कोर्टात मात्र ते कधी रमले नाहीत.

यहुदी आणि सिनेमा हे नातं त्यांच्या आधीपासूनचं आहे आणि ते आपल्याकडे पुरेसं सांगितलं जात नाही. मूकपटांच्या काळात घरंदाज बाई कॅमेऱ्यासमोर यायला तयार नसे. ती जागा ज्यांनी भरून काढली त्यांत सुलोचना, म्हणजे रुबी मायर्स, सर्वांत मोठी. पुढे प्रमिला आल्या, त्यांचं खरं नाव एस्थर व्हिक्टोरिया अब्राहम. ‘श्री ४२०’ मधली नादिरा म्हणजे फ्लॉरेन्स इझिकेल. या सगळ्या बगदादी यहुदी घराण्यांतल्या. इराक-सीरियाकडून व्यापारानिमित्त आलेली ही मंडळी, राहणी बरीचशी इंग्रजी. बेने इस्रायल वेगळे. त्यांच्यातून आलेलं मोठं नाव जोसेफ डेव्हिड पेणकर यांचं. पारशी रंगभूमीचे हे नाटककार. १९३१ चा पहिला भारतीय बोलपट ‘आलम आरा’ त्यांच्याच नाटकावर उभा होता. आपल्या बोलपटाचा पहिला शब्द पेणच्या माणसाने लिहिलेल्या गोष्टीतला आहे, हे मला फार मोलाचं वाटतं. पण पेणकर पडद्यामागचे. पडद्यावर चार दशकं दिसत राहिलेला बेने इस्रायल माणूस म्हणजे डेव्हिडच.

सुरुवातीच्या वर्षांतलं महत्त्वाचं पाऊल म्हणजे १९४१ चा ‘नया संसार’. बॉम्बे टॉकीजचा चित्रपट, नायक अशोक कुमार, विषय वर्तमानपत्रातली सचोटी. कथा ख्वाजा अहमद अब्बासांची. अब्बास तेव्हा ‘बॉम्बे क्रॉनिकल’मध्ये लिहीत असत आणि स्वतःचा धंदा आतून ओळखून होते. अब्बास आणि डेव्हिड हे साहचर्य पुढे टिकलं. अब्बासांनी काढलेल्या ‘शहर और सपना’ला १९६३ सालच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. राहायला जागा नाही म्हणून सांडपाण्याच्या मोठ्या नळात संसार थाटणाऱ्या मुंबईतल्या जोडप्याची ती गोष्ट. त्यात नाना पळशीकर, मनमोहन कृष्ण, अन्वर हुसेन यांच्या पंक्तीला डेव्हिड आहेत. हे चौघे म्हणजे त्या काळच्या चरित्र नटांची बिनीची फळीच होती. नायक बदलत, नायिका बदलत, हे चेहरे बदलत नसत.

चरित्र नट या जमातीचं आर्थिक आयुष्य स्टुडिओंच्या इतिहासाला बांधलेलं आहे. तीसच्या दशकात नट पगारी असे. प्रभात, रणजित, बॉम्बे टॉकीज ही कुटुंबं होती आणि महिन्याच्या महिन्याला पगार होई. दुसऱ्या महायुद्धात काळा पैसा सिनेमात शिरला, नटनट्यांना चित्रपटागणिक बोली लागू लागली आणि एकेक स्टुडिओ कोसळला. मोठ्या नायकांचं त्यात भलं झालं. चरित्र नटाची मात्र धावपळ सुरू झाली. आज या निर्मात्याकडे, उद्या त्या, कधी एकाच दिवशी दोन पाळ्या. त्याला कथा सांगायची गरज कुणाला वाटत नसे. चार प्रवेश, चार संवाद, एवढ्यात माणूस उभा करायचा. डेव्हिडच्या कारकिर्दीतला फार मोठा भाग अशा कामाचा आहे आणि त्यातलं बरंचसं विसरण्यासारखं आहे, हे कबूल करायला हवं. वडील, वकील, मॅनेजर, शेठ. चित्रपट पडले, तशी ती कामंही गेली.

पण १९५४ मध्ये ‘बूट पॉलिश’ आला.

राज कपूरची निर्मिती, दिग्दर्शक म्हणून नाव प्रकाश अरोरांचं. १९५२ च्या जानेवारीत मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव झाला होता. त्यात डी सिकाचा ‘बायसिकल थीव्ज’ दाखवला गेला आणि आपल्या कितीतरी दिग्दर्शकांची झोप उडाली. १९५३ मध्ये बिमल रॉय यांच्या ‘दो बीघा जमीन’मध्ये रतन कुमार नावाचा पोरगा कोलकात्याच्या रस्त्यावर बूट पॉलिश करताना दिसला. पुढच्याच वर्षी तोच रतन कुमार मुंबईच्या फुटपाथवर आला. इथे तो भोला. बहीण बेलू, म्हणजे बेबी नाझ. आई मेलेली. दोघं काकूच्या ताब्यात. ही कमला काकू त्यांना भीक मागायला लावते आणि संध्याकाळी सगळे पैसे काढून घेते. काकूचं काम चांद बर्क यांनी केलं आहे, आजच्या रणवीर सिंगची आजी. शेजारच्या झोपडीत राहतो जॉन चाचा. हे डेव्हिड.

जॉन चाचा दारू गाळून विकतो. हे १९५४ च्या मुंबईत सांगण्याला अर्थ होता. मुंबई राज्यात १९४९ चा दारूबंदी कायदा आला होता आणि १९५० पासून संपूर्ण बंदी होती. त्या बंदीने शहरात एक नवा धंदा जन्माला घातला. उपनगरांतल्या वाड्यांत, खाडीकाठी, झोपडपट्ट्यांत हातभट्ट्या लागल्या. गिऱ्हाईक सगळ्या जातिधर्मांचं, पण गुत्ता म्हटला की लोकांच्या डोळ्यांपुढे ख्रिस्ती आंटी यायची. जॉन हा याच जगातला माणूस. पोलिसांच्या वहीत तो गुन्हेगार आहे. आणि तोच या दोन पोरांना सांगतो, की भीक मागू नका, काम करा. ब्रश आणि पॉलिशची डबी घ्या, लोकांचे जोडे चमकवा, पण हात पसरू नका.

हा उपदेश दुसऱ्या कुणाच्या तोंडी गुळगुळीत झाला असता. मास्तराने सांगितला असता तर तो धडा झाला असता, पुढाऱ्याने सांगितला असता तर भाषण. डेव्हिड तो अशा माणसाच्या आवाजात सांगतात, ज्याला स्वतःला नीट जगता आलेलं नाही. पोरांशी बोलताना ते त्यांच्याएवढे होतात. त्यांची चण मुळातच लहान होती, ठेंगणे, टक्कल पडलेले, गोल चेहऱ्याचे. त्याचा ते पुरेपूर उपयोग करून घेतात. बेलू आणि भोला यांच्यामध्ये जॉन चाचा बसला, की तिघांच्या डोळ्यांची पातळी जवळपास एक होते. मोठा माणूस वाकून मुलांना काहीतरी सांगतोय, असं चित्र दिसत नाही. झोपडपट्टीतल्या सगळ्या पोरांना जमवून तो जे प्रश्नोत्तराचं गाणं गातो, ते देशभर पोचलं. पार्श्वगायन रफी आणि आशा यांचं, पण आपल्याला आठवतो तो डेव्हिडचा चेहरा. मुलांचं उत्तर येईपर्यंत तो वाट पाहतो. ती वाट पाहणं खोटं वाटत नाही, कारण तो खरोखर ऐकत असतो. सिनेमात बोलणारे नट पुष्कळ असतात. ऐकणारे थोडे असतात.

मुलं भिकेतून चोरून पैसे वाचवतात आणि पॉलिशचं सामान घेतात. काकूला कळतं, ती मारते, घराबाहेर काढते. त्याच सुमारास पोलीस जॉनला धरून नेतात. तुरुंगात डेव्हिडच्या वाट्याला एक गाणं येतं. टकले कैदी ढगाला आळवतात, की बाबा रे ये आणि आमच्या डोक्यावरचं वाळून गेलेलं शेत भिजव. शंकर-जयकिशन यांनी त्याला अडाणा रागाचा भारदस्त साज दिला आहे, गळा मन्ना डे यांचा. आपण हसतो. पुढे खरोखरच पाऊस येतो. पावसात बूट कोण पॉलिश करून घेणार? धंदा बसतो, मुलं उपाशी पडतात. अशाच एका ओल्या रात्री कुणीतरी नाणं फेकतं. भोला ते घेत नाही. भुकेलेली बेलू घेते, आणि भोला तिला थोबाडीत मारतो, नाणं पडतं. जॉन चाचा तिथे नाही, तुरुंगात आहे. तरी त्या थपडेत त्याचा शब्द आहे. एखादा नट पडद्यावर नसताना प्रवेश पेलून धरतो, हे मी फार थोड्या हिंदी चित्रपटांत पाहिलं आहे.

‘बूट पॉलिश’ला फिल्मफेअरचं सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं पारितोषिक मिळालं. सहायक अभिनेत्याचं पारितोषिक १९५५ साली पहिल्यांदाच दिलं गेलं आणि ते डेव्हिडना मिळालं. म्हणजे या वर्गात ज्यांचं नाव यादीत सर्वांत वर आहे तो हा मूळ चौलच्या घराण्यातला माणूस. त्याच वर्षी कानच्या महोत्सवात बेबी नाझच्या कामाची खास दखल घेतली गेली. रतन कुमार पुढे कुटुंबासह पाकिस्तानात गेला.

मोठं बक्षीस मिळालं म्हणून नायकाची भूमिका कुणी दिली नाही. मिळाल्या त्या जॉनच्या भावंडांच्या भूमिका. हृषीकेश मुखर्जींच्या ‘अनुपमा’त ते मोझेस आहेत, ‘सत्यकाम’मध्ये रुस्तम. बासू चॅटर्जींच्या ‘बातों बातों में’मध्ये ते वांद्र्याच्या ख्रिस्ती घरातले अंकल टॉम. जॉन, मोझेस, रुस्तम, टॉम. या नावांकडे पाहिलं, की हिंदी सिनेमाची एक गरज लक्षात येते. त्याच्या गोष्टी जातीच्या, घराण्याच्या, इस्टेटीच्या भांडणांवर चालतात. त्यात प्रत्येक पात्राला कुणाचा तरी पक्ष असतो. अशा गोष्टीत एक माणूस असा लागतो, ज्याचा कुणाशी दावा नाही, ज्याच्या मुलीचं लग्न अडलेलं नाही, ज्याला वाटणीत काही मिळायचं नाही. तो खरं बोलू शकतो. हा माणूस पुष्कळदा ख्रिस्ती किंवा पारशी केला जाई. डेव्हिडना लोक ख्रिस्तीच समजत, त्यात नवल नाही.

यहुदी हिंदी पडद्यावर आले नाहीत असंही नाही. बिमल रॉय यांनी १९५८ मध्ये ‘यहुदी’ काढला, आगा हश्र काश्मिरींच्या गाजलेल्या नाटकावरून. दिलीप कुमार, मीना कुमारी, सोहराब मोदी. पण ते यहुदी रोमन साम्राज्यातले, झगे घातलेले, उर्दूची आतषबाजी करणारे. मलिदा करणारा, शनिवारी घाणा बंद ठेवणारा, मराठी बोलणारा यहुदी मुंबईच्या स्टुडिओंपासून तासाभराच्या अंतरावर राहत होता आणि त्यातला एक तर रोज स्टुडिओतच येत होता. त्याच्या घरची गोष्ट करावी असं मोठ्या निर्मात्यांपैकी कुणाला सुचलं नाही. याची मला मनापासून हळहळ वाटते. मराठी सिनेमानेही ही संधी घेतली नाही, आणि मराठीचा तर हक्क पहिला होता.

पडद्याबाहेर डेव्हिडची दुसरी ओळख होती ती निवेदक म्हणून. फिल्मफेअरचे सोहळे असोत, मदतनिधीचे कार्यक्रम असोत की सरकारी समारंभ, माइकसमोर डेव्हिड. आज पुरस्कार सोहळ्यांचे निवेदक पाहुण्यांची टर उडवून टाळ्या मिळवतात. डेव्हिड पाहुण्याला मोठं करत आणि स्वतः बाजूला होत. बी.ए.चं इंग्रजी, वकिली शिक्षणातून आलेली मुद्देसूद मांडणी आणि इप्टा या नाट्यसंघटनेच्या वर्तुळात मिळालेलं रंगमंचाचं भान, हे सगळं तिथे कामी आलं. बेकारीच्या दिवसांत ज्या शिक्षणाला कुणी विचारलं नाही, ते असं उपयोगी पडलं. १९६९ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

हे निवेदन आणि त्यांचा उत्तरकाळातला अभिनय यांचा मला जवळचा संबंध दिसतो. आपल्या संगीत नाटकात सूत्रधार येतो, प्रयोग सुरू करून देतो आणि निघून जातो. हृषीकेश मुखर्जींना डेव्हिडमध्ये हा सूत्रधार सापडला. ‘अभिमान’ (१९७३) आठवा. गायक सुबीर आणि त्याची नवी नवरी उमा लग्नानंतरच्या समारंभात एकत्र गातात. सगळे खूश. पाहुण्यांत बसलेले ब्रजेश्वरलाल, म्हणजे डेव्हिड, मात्र ऐकता ऐकता गंभीर होतात. बायको नवऱ्यापेक्षा वरचढ गाते आहे, आणि हे नवऱ्याला पेलणार नाही, हे त्यांना तिथल्या तिथे दिसतं आणि ते बोलून दाखवतात. पुढचा सगळा चित्रपट त्या एका निरीक्षणाचा विस्तार आहे. हे निरीक्षण खलनायकाच्या तोंडी दिलं असतं तर ते विष झालं असतं. डेव्हिड ते काळजीने बोलतात, गाण्याची समज असलेल्या माणसाच्या काळजीने, म्हणून आपण त्यावर विश्वास ठेवतो.

‘चुपके चुपके’त (१९७५) ते हरिपद भैया. नायिकेच्या मुंबईतल्या जिजाजींना शुद्ध हिंदी बोलणारा ड्रायव्हर हवा आहे. ते हरिपदना कळवतात, आणि वनस्पतिशास्त्राचा प्राध्यापक परिमल त्रिपाठी प्यारेमोहन नावाचा ड्रायव्हर होऊन तिथे दाखल होतो. ‘गोल माल’मध्ये (१९७९) ते डॉक्टर केदार. भवानीशंकरांना कसला तरुण आवडतो, खेळांचं वेड त्यांना का खपत नाही, मिशीला ते किती मान देतात, हे नोकरी शोधणाऱ्या रामप्रसादला सांगतात ते हे डॉक्टर. त्यांनी ते सांगितलं नसतं तर आखूड कुर्ता नाही, खोटा जुळा भाऊ नाही, आणि मिशीचं ते सगळं रामायणही नाही. ‘बातों बातों में’मध्ये चर्चगेटच्या लोकलमध्ये टोनी आणि नॅन्सीची गाठ घालून देतात अंकल टॉम. अमोल पालेकर हा मराठी माणूस तिथे टोनी ब्रगान्झा झाला आहे आणि ठाण्याचा मराठी यहुदी अंकल टॉम. दोघांचं वांद्रे कुठेही खोटं वाटत नाही.

सत्तरीच्या उंबरठ्यावर आलेल्या नटाची ही कामं आहेत. त्यांत खटपट दिसत नाही. ‘गोल माल’मध्ये भवानीशंकर झालेले उत्पल दत्त डोळे वटारतात, आवाज चढवतात, खुर्चीवरून उठतात, त्यांचा तो अधिकारच आहे. समोर डेव्हिड हात मांडीवर ठेवून बसलेले असतात. कटात सामील असलेल्या माणसाचा आनंद फक्त गालांच्या कडेला दिसतो. ‘खूबसूरत’मध्ये (१९८०) ते रेखाचे वडील, रामदयाल. दोन मुली आणि विधुर बाप, घरात गाणी नि कविता नि हसणं. या घराची मोकळीक खरी वाटली नाही, तर थोरल्या मुलीच्या सासरची दीना पाठक यांची करडी शिस्त उगाच ठरेल, चित्रपटाचा तोलच जाईल. तो तोल बापाच्या थोडक्या प्रवेशांवर सांभाळलेला आहे. मुलीच्या थट्टेत तो सामील होतो आणि तरी बाप राहतो.

या सगळ्या वर्षांत त्यांचा समाज मात्र विरळ होत चालला होता. स्वातंत्र्याच्या वेळी भारतात वीसेक हजार बेने इस्रायल होते. १९४८ मध्ये इस्रायल हे राष्ट्र झालं आणि कोकणातली, ठाण्यातली, भायखळ्यातली घरं एकेक करून रिकामी होऊ लागली. कुणी हाकलून दिलं म्हणून नव्हे. या देशात त्यांच्यावर कधी कुणी हात उचलला नाही, याचा ते स्वतःच आवर्जून उल्लेख करतात. ते गेले धर्माच्या ओढीने आणि नातेवाइकांच्या मागोमाग. दिमोना, बीरशेबा, अश्दोद, लोद अशा गावांत वसले. तिथे सुरुवातीला त्यांच्या यहुदीपणावरच धर्मगुरूंनी शंका घेतली. त्याविरुद्ध त्यांनी लढा दिला आणि १९६४ मध्ये त्यांना पूर्ण मान्यता मिळाली. त्याच लोकांनी तिथे ‘मायबोली’ हे मराठी नियतकालिक चालवलं. डेव्हिड मुंबईतच राहिले. त्यांचं काम इथे होतं आणि माणसंही इथलीच होती. अगदी अखेरीला ते कॅनडात गेले. १९८१ साल संपता संपता टोरोंटोत त्यांचं निधन झालं.

त्यांची खरी प्रसिद्धी त्यानंतरची आहे. मुंबई दूरदर्शन केंद्र १९७२ च्या २ ऑक्टोबरला सुरू झालं होतं, पण टीव्ही मध्यमवर्गाच्या घरात भराभर शिरला तो १९८२ नंतर, दिल्लीच्या एशियाडच्या निमित्ताने रंगीत प्रक्षेपण आलं तेव्हा. शनिवारी मराठी चित्रपट आणि रविवारी संध्याकाळी हिंदी. चाळीतल्या ज्या घरी सेट असे तिथे दार उघडं ठेवून सतरंजी अंथरली जाई. मारधाडीचे चित्रपट थिएटरात चालत. घरात आजीपासून नातवापर्यंत सगळ्यांनी एकत्र बसून पाहायचे ते हृषीकेश मुखर्जी आणि बासू चॅटर्जी यांचे. त्यामुळे डेव्हिडची मोजकी चार-पाच कामं, कारकिर्दीच्या शेवटच्या आठ-दहा वर्षांतली, वारंवार दिसत राहिली, आणि केबल आल्यावर तर महिन्या-महिन्याला. ऐंशीच्या दशकात वाढलेल्या मुलांना डॉक्टर केदार आणि हरिपद भैया घरच्या माणसांइतके ओळखीचे झाले. नाव विचारलं तर बहुतेकांना सांगता आलं नसतं.

‘बूट पॉलिश’ त्या मानाने कमी दिसला. कृष्णधवल, गरिबीचा, लांबलचक. म्हणून आज डेव्हिडचं नाव निघालं की ‘गोल माल’ आठवतो. माझं मत वेगळं आहे. उत्तरकाळातले ते सगळे प्रसन्न म्हातारे जॉन चाचाच्या पोटातून आलेले आहेत. पावसाळी रात्री उपाशी पोराने नाणं नाकारावं एवढी ताकद ज्याच्या शब्दांत होती, त्या माणसाला पुढे फक्त मिशीचा सल्ला द्यायचा होता. तो सल्लाही त्याने तितक्याच जबाबदारीने दिला.

चौल-रेवदंड्याच्या बाजूला अजून जुनं सिनेगॉग आहे, तुरळक घरं आहेत. अलिबागलाही आहे, ठाण्यालाही आहे. मुंबईत मोझेसांच्या नावाने रस्ता आहे. डेव्हिड अब्राहम चेऊलकर या पूर्ण नावाने ठाण्यात एखाद्या नाट्यगृहाचं दालन, एखादी पाटी, एखादा वार्षिक महोत्सव व्हायला हवा, आणि त्याची सुरुवात ‘बूट पॉलिश’ मोठ्या पडद्यावर दाखवून करावी.